शेवाळी लोकर

१

आई गेली ती भर दुपारी, घरापासून हाकेच्या अंतरावर. रेल्वेचं फाटक आणि स्टेशन यांच्या मधल्या पट्ट्यात, रुळांच्या कडेच्या खडीवर ती पडलेली सापडली. तिचं नसणं अजून घरात कुणाच्या अंगवळणी पडलं नव्हतं, तेवढ्यात भरपाईच्या अर्जाला रेल्वेचं उत्तर आलं.

लेकीनं ते उभ्याउभ्याच वाचलं. मृत महिला प्रवासी नव्हती. तिच्याजवळ तिकीट सापडलं नाही. फाटकवाल्यानं तिला पायी रूळ ओलांडताना पाहिलं होतं. सबब हा मृत्यू तिच्या स्वतःच्या निष्काळजीपणामुळे, अथवा स्वतःच्या इच्छेनं झालेला आहे.

"काय लिहिलंय?" बाबांनी विचारलं.

लेकीनं कागद लपवायला हवा होता. पण ती गोंधळली आणि बाबांनी तो हातातून काढून घेतला. 'स्वतःच्या इच्छेनं' या शब्दांवर त्यांची नजर थांबली. मग त्यांनी कागदाची घडी घातली, खुर्ची भिंतीकडे वळवली आणि बसून राहिले. त्या दिवसापासून हा माणूस बोलेनासाच झाला. जेवायला हाक मारली की यायचा, दोन घास खाऊन उठायचा.

कारण लेकीला माहीत होतं. त्या सकाळी आई-बाबांचं भांडण झालं होतं. भांडण कसलं, लोकरीवरून! आईनं बाबांच्या स्वेटरसाठी लोकर घरीच रंगवली होती आणि रंग पार फसला होता. डबक्यावर साचतं ना, तसला शेवाळी. "हे घालून मी बाहेर पडणार नाही," बाबा म्हणाले. "मग घरात बसा," असं म्हणून आई पिशवी उचलून शहरातल्या मैत्रिणीकडे निघून गेली. त्याच दुपारी ती गेली.

रेल्वेच्या दाव्यांत नाव काढलेल्या एक वकीलबाई होत्या. साऱ्या कोर्टकचेरीत त्यांना टाचणीबाई म्हणत. अंगानं तशाच बारीक आणि टोचायला कायम तयार. सायकलदुरुस्तीच्या दुकानावरची एक खोली, हेच त्यांचं ऑफिस.

"आधी एक सांग," त्या लेकीला म्हणाल्या. "आई रूळ ओलांडायची का?"

"आई? वकीलबाई, आई सरकारी दवाखान्यात मेट्रन होती. निवृत्त झाली तरी सवय गेली नव्हती. पूल सोडून रुळांवरून जाणाऱ्याला ती रस्त्यात अडवून झापायची. अर्धी गल्ली तिला बघून पूल चढायची."

"हे मला पटलं. पण तिथं पटून भागत नाही, दाखवावं लागतं. पोलिसांनी वस्तू दिल्या असतील ना परत?"

लेकीनं पर्समधून एक बंद पाकीट काढलं. ते फोडायचा धीर तिला आजवर झाला नव्हता. टाचणीबाईंनी ते टेबलावर हलकेच रिकामं केलं. घड्याळ, वाकलेला चष्मा आणि शेवाळी रंगाचा, वेटोळं झालेला लोकरीचा तुकडा.

टाचणीबाईंनी पोलिसांचा पंचनामा वाचला. "चष्मा एका कानाला अडकलेला. दोरा उजव्या हाताच्या बोटाला गुंडाळलेला." त्यांनी तो चष्मा डोळ्यांसमोर धरला, खिडकीबाहेर पाहिलं, मग टेबलावरच्या कागदाकडे. आणि एकदम लेकीकडे वळल्या.

"हा चष्मा लांबचं बघायचा नाही!"

"नाही. हा जवळचा. विणायचा, वाचायचा. हा लावून चालली की आई घरातल्या स्टुलालाही धडकायची. म्हणून बाहेर निघताना ती आधी हा काढायची आणि लांबचा लावायची."

टाचणीबाई खुर्चीला टेकल्या. "बोटाला लोकर, डोळ्याला जवळचा चष्मा. मुली, तुझी आई गेली तेव्हा चालत नव्हती. बसून विणत होती. आणि रुळांवर बसून कुणी विणत नाही. मग फाटकवाल्यानं पाहिलं ते कुणाला?"

२

लेक नकाशे काढायचं काम करायची. टाचणीबाईंच्या सांगण्यावरून तिनं त्या जागेचा नकाशा काढला. शहराकडून गाडी येते, आधी फाटक लागतं, मग झुडपांची एक रांग, मग स्टेशन. आईला ठेच लागली असती तरी ऐकू आलं असतं, इतकं घर फाटकाजवळ.

फाटकवाला आपल्या खोलीबाहेर कुंड्यांना पाणी घालत होता. वकीलबाईंना बघून त्यानं भांडं खाली ठेवलं.

"मी सांगितलंय सगळं. बाई रूळ ओलांडत होत्या."

"बरं. कुठून कुठं?"

"इकडून... तिकडं. घराकडं."

"हातात काही होतं?"

"पिशवी होती की. खांद्याला."

"कुठल्या रंगाची?"

"निळी," तो झटकन म्हणाला.

लेकीनं चमकून पाहिलं. पिशवी खरंच निळी होती. हा माणूस खरं बोलत असेल तर? टाचणीबाई मात्र कुंडीतल्या रोपाची पानं न्याहाळत होत्या.

"छान वाढवलंय. त्या बाई रोज जायच्या का हो इथून?"

"रोज नाही. आठवड्यातून एखाद वेळी, मैत्रिणीकडं जायच्या. पुलावरनंच जायच्या. मला ओरडायच्या पण, 'कुंड्या रुळांजवळ ठेवू नका, कुणी अडखळेल.'"

"म्हणजे पिशवी तुम्ही त्यांच्याकडे नेहमीच पाहिली होती."

"हो, नेहमीचीच..." आणि तो थांबला.

"पडल्या त्या जागी पिशवी नव्हती, दादा. खडीत नाही, झुडपांत नाही. पोलिसांनी सगळं धुंडाळलं. खांद्याला पिशवी लावून निघालेली बाई पडली, तर पिशवी कुठं जाईल?"

फाटकवाला पायरीवर बसला. "मी काहीच पाहिलं नाही हो. फाटक लावायला मला जरा उशीर झाला होता. गाडी तोंडावर आली तेव्हा कुठं लावलं. मग पोलीस आले आणि म्हणाले, 'ओलांडत होत्या ना?' मला वाटलं, आता उशिराचं निघतंय. 'हो' म्हणून मोकळा झालो. माझ्या आईच्या आजारपणात त्या बाई दवाखान्यातून हलल्या नव्हत्या. आणि मी हे असं बोललो."

त्याला रागवायचं लेकीच्या मनात होतं. पण तो पायरीवर बसून लहान मुलासारखे डोळे पुसत होता.

बाहेर आल्यावर ती म्हणाली, "झालं ना आता? तो खोटं बोलला हे कबूल केलंय त्यानं."

"अर्धंच झालं. त्याचं खोटं गेलं, पण आपलं खरं अजून यायचंय. आई गाडीत होती हे कोण सांगणार? आणि समज, गाडीत होती. बसून विणणारी बाई गाडीतून पडते कशी?"

बाबांना ज्याची भीती वाटत होती, तेच लेकीच्याही मनात डोकावून गेलं.

३

शहरातल्या मोठ्या स्टेशनवर, पार्सलच्या खोलीला लागून एक खिडकी होती. गाड्यांत सापडलेल्या वस्तू तिथं जमा होत. खिडकीवरचा कारकून गप्पिष्ट होता आणि दिवसभर छत्र्यांशी बोलून कंटाळलेला होता.

"विणकाम? अहो, आहे! सफाईवालीनं आणून दिलंय. शेवटच्या डब्यात जमिनीवर पडलं होतं म्हणे. एक बाही, दोन सुया. रंग असा की कुणी मागायलाही आलं नाही."

त्यानं ती बाही काउंटरवर टाकली आणि लेकीचे डोळे भरून आले. बाबांच्या लांबलचक हातांच्या मापाची बाही होती ती. लोकरीचं टोक तुटलेलं होतं.

"पिशवी? निळी?"

"ती कुणीतरी लांबवली असणार. बाही मात्र चोरानंही नेली नाही बघा," कारकून हसला आणि लेकीचा चेहरा बघून ओशाळला.

टाचणीबाईंनी भिंग काढून दोन्ही टोकं जुळवून पाहिली. रंग तोच, पीळ तोच. "आई गाडीत होती, हे आता पक्कं झालं. पण रेल्वेचे वकील म्हणतील, बाई विणकाम विसरून स्टेशनवर उतरल्या, आणि रुळांच्या कडेनं घराकडे परत चालत निघाल्या."

"पण बोटाला लोकर..."

"तुटलेला धागा बोटाला राहिला असेल, म्हणतील. चष्मा बदलायचा राहिला असेल, म्हणतील. तोडून काढू आपण, पण त्याला साक्षीदार लागेल. त्या डब्यात आणखी कोण होतं?"

"दुपारची गाडी, शेवटचा डबा. सगळा मोकळाच असतो," कारकून म्हणाला. मग त्याला काहीतरी आठवलं. "थांबा हं. त्याच डब्यातला एक काळा चष्मा पण आला होता, काच फुटलेला. तो न्यायला मालक आले होते. आंधळे गृहस्थ, अंधशाळेत गणित शिकवतात. इतके तापले होते! म्हणत होते, डब्यात कुणी गुंडानं मला उचलून आपटलं, आणि तुमचा तिकीट तपासनीस तक्रार घ्यायला तयार नाही."

टाचणीबाईंनी भिंग खाली ठेवलं. "त्याच दिवशी? त्याच डब्यात?"

"त्याच दिवशी. त्याच डब्यात."

४

गणिताचे मास्तर चांगले आडव्या अंगाचे होते. बहिणीबरोबर राहत. पाहुण्यांना त्यांनी नेमक्या खुर्च्यांकडे हात करून बसवलं आणि विषय निघताच तावातावानं बोलायला लागले.

"शेवटी कुणीतरी विचारायला आलं! मी स्वच्छतागृहाकडे निघालो होतो. त्या गाडीनं मी नेहमी जातो, मला वाट पाठ आहे. दाराला हात लावला, ते उघडलं, आणि मागून एक हात आला. माझा कोट धरला आणि मला असा भिरकावला की मी पार समोरच्या बाकावर आदळलो. चष्मा फुटला. खांदा अजून दुखतो. मी ओरडलो, 'कोण आहे?' उत्तर नाही. पळाला लेकाचा!"

"मास्तर," टाचणीबाई शांतपणे म्हणाल्या, "खिशातलं काही गेलं?"

"नाही."

"तुम्हाला फेकलं ते कुठं? दाराच्या बाहेर की आत?"

"आत. हे मी तेव्हाही सांगितलं होतं."

"तुमचं कुणाशी वैर?"

"माझं? मुलं नापास करतो तेवढंच."

"मग मला गणित घालू द्या. ज्याला चोरायचं नाही, ज्याचं वैर नाही, तो माणूस तुम्हाला दारापासून आत का फेकेल?"

मास्तरांची बोटं खुर्चीच्या हातावर हलायची थांबली.

"त्या दिवशी दार उघडल्यावर काय जाणवलं?"

"वारा," ते हळूच म्हणाले. "मला वाटलं, आतली खिडकी उघडी असेल."

"त्या दिवशी शेवटचा डबा उलटा जोडला होता. तो सतत एकाच तोंडानं लावतात असं नाही, हे मी विचारून आलेय. तुमच्या नेहमीच्या वाटेवर, नेहमीच्या टोकाला स्वच्छतागृह नव्हतं. तिथं गाडीचं दार होतं, मास्तर."

बहिणीनं भावाच्या खांद्यावर हात ठेवला.

"तेव्हा आणखी काही ऐकू आलं?"

"फाटकाची घंटा. आधी पुढून येत होती, मग बरोबरीला आली, मग मागे गेली. ती मागे जाते न जाते तोच मला ओढलं. मी उठून बसलो तेव्हा गाडी स्टेशनात शिरत होती." ते सवयीनं नेमकं बोलले.

लेकीनं पर्समधून आपला नकाशा काढला आणि फाटक आणि स्टेशनच्या मधल्या पट्ट्यावर बोट ठेवलं. म्हणजे आई स्टेशनवर उतरलीच नव्हती.

"तो कोट आहे?" टाचणीबाईंनी बहिणीला विचारलं.

"आहे ना. एका बटणात कसलासा धागा अडकून बसला होता. मी म्हटलं, दादा, हा घाणेरडा रंग कुठून आणलास? कात्रीनं कापला, पण बटणाखाली गुरफटलेला निघेना."

तिनं कोट आणला. मधल्या बटणाच्या बुडाशी शेवाळी लोकरीचा गुंता घट्ट बसलेला होता.

मास्तरांनी तो बोटांनी चाचपला. बराच वेळ चाचपत राहिले. "गेले कित्येक महिने," ते म्हणाले, "मी त्या गुंडाला शिव्या देतोय. वर्गात, जेवताना, येईल-जाईल त्याच्यापुढं. कोण होते ते?"

"माझी आई," लेक म्हणाली.

५

न्यायाधिकरणाच्या दालनात तीन पंखे होते आणि त्यांतला एक करकरत होता. बाबा लेकीशेजारी बसले होते. तिनं त्यांना सगळं सांगितलं होतं, पण त्यांनी मान डोलावली होती फक्त. ऐकणं आणि पटणं यांच्यामध्ये ते कुठंतरी अडकून पडले होते.

रेल्वेचे वकील मुरलेले होते. फाटकवाल्यानं शब्द फिरवला, तरी ते डगमगले नाहीत. "मास्तरांना कुणीतरी ओढलं, मान्य. ती हीच महिला, असं धाग्यावरून म्हणायचं? आणि समजा, होती. तरी ती तिकीट काढून प्रवास करत होती हे कशावरून? शिवाय चालत्या गाडीचं दार बंद असतं. कुणी मुद्दाम उघडल्याशिवाय पडायचा प्रश्न येतो कुठं?"

टाचणीबाईंनी तिकीट तपासनिसाला बोलावलं. गणवेश कडक इस्त्रीचा, चेहरा उतरलेला.

"त्या दुपारी तुम्ही शेवटच्या डब्यात गेला होता?"

"नाही. तिथवर पोचलोच नाही."

"मास्तर तुम्हाला भेटले ते कुठं?"

"स्टेशनवर. त्यांनी तक्रार केली. कुणी ढकललं म्हणाले. मला वाटलं, गाडीच्या हिसक्यानं पडले असतील."

"म्हणजे डबा तुम्ही पाहिलाच नाही. प्रवास सुरू असताना नाही, आणि नंतरही नाही."

"नाही."

"मग मास्तर जे म्हणतात, की नुसता हात लावताच गाडीचं दार उघडलं, त्यावर तुम्हाला काही सांगता यायचं नाही."

"ते शक्यच नाही," तो फटकन म्हणाला. "दार दोरीनं बांधलेलं होतं. नुसत्या हातानं उघडेल कसं?"

पंखा करकरत राहिला. रेल्वेच्या वकिलांनी हातातला कागद सावकाश खाली ठेवला.

"कुठली दोरी?" टाचणीबाईंनी विचारलं. "इथं कुणी दोरीचं नाव काढलेलं नाही."

तपासनिसाच्या तोंडचं पाणी पळालं. तो अध्यक्षांकडे बघू लागला, मग मास्तरांकडे, आणि शेवटी पहिल्या रांगेतल्या बाबांकडे. त्यांच्याकडे बघितल्यावर मात्र त्याचा बांध फुटला.

"मीच बांधली होती, साहेब. त्या दाराचा खटका मोडला होता. लिहून द्यायचं माझं काम होतं, मी दिलं नाही. म्हटलं, शेवटपर्यंत पोचली गाडी की बघू. त्या बाई दारापाशीच बसल्या होत्या, विणत. मी त्यांचं तिकीट पाहिलं. होतं त्यांच्याजवळ तिकीट, मी स्वतः पाहिलं." तो बाबांकडेच बघत बोलत होता. "डब्यात तेव्हा दुसरं कुणी नव्हतं. दोरी बघून त्या मला खूप बोलल्या. म्हणाल्या, हे असं बांधतात होय? कुणी पडलं म्हणजे? मी म्हटलं, तुम्ही तिकडं आत जाऊन बसा, जागा रिकामी आहे. तर म्हणाल्या..."

"काय म्हणाल्या?" अध्यक्षांनी विचारलं.

"म्हणाल्या, 'मी आत गेले तर इथं लक्ष कोण ठेवील? तुम्ही नीट बंदोबस्त करून या, तोवर मी इथून हलत नाही.' आणि पुन्हा विणायला लागल्या." तो मान खाली घालून म्हणाला, "मी परत गेलोच नाही, साहेब."

लेकीनं बाबांकडे पाहिलं. कित्येक महिन्यांत पहिल्यांदाच ते ताठ बसले होते.

"तशीच होती ती," ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले.

६

निकाल लागायला वेळ लागला, पण त्यात आता अवघड काही उरलं नव्हतं. मृत महिला रीतसर प्रवासी होती. दार नादुरुस्त होतं, त्याची दोरी सैल पडली होती, आणि मास्तरांना आत ओढताना तोल जाऊन ती त्यातून बाहेर पडली होती. दुसऱ्याचा जीव वाचवताना आलेल्या मरणाला निष्काळजीपणा म्हणता येत नाही, आणि स्वतःची इच्छा तर नाहीच नाही. अध्यक्षांनी ते वाक्य वाचताना कागदावरून मान वर केली होती.

टाचणीबाई गठ्ठा बांधून पुढच्या दाव्याला निघाल्यासुद्धा. लेक आभार मानायला धावली, तर त्या म्हणाल्या, "माझे कसले? मी फक्त विचारत गेले. काम सगळं तुझ्या आईनं आधीच करून ठेवलं होतं. वर साक्षीदारही जिवंत ठेवला." आणि टाचा वाजवत निघून गेल्या.

बाहेरच्या लांब व्हरांड्यात मास्तर भिंतीला धरून उभे होते. त्यांना बाबांशी बोलायचं होतं आणि बाबांना त्यांच्याशी काय बोलावं ते कळत नव्हतं. लेकीनं दोघांना एका बाकावर बसवलं आणि आपण खांबाला टेकून उभी राहिली.

"मी माफी मागायला आलो नाही," मास्तर अखेर म्हणाले. "ती मागायची कशी, हेच मला ठाऊक नाही. मला एक विचारायचंय. रागावू नका."

"विचारा."

"मला माणसं आवाजानं कळतात. ज्या बाईमुळे मी आज इथं बसलोय, तिचा आवाजच मी ऐकला नाही. त्या डब्यात मला फक्त सुयांची टिकटिक ऐकू येत होती. मला वाटलं, खिडकी वाजतेय. कसा होता त्यांचा आवाज?"

बाबा विचारात पडले. मग म्हणाले, "मोठा होता."

"म्हणजे किती?"

"म्हणजे..." बाबा उठून उभे राहिले. त्यांनी कमरेवर हात ठेवले, छाती भरून श्वास घेतला, आणि त्या गंभीर इमारतीच्या व्हरांड्यात, येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या समोर खणखणीत आवाजात ओरडले, "अहो, ऐकलंत का! किती वेळ बसणार तिथं? ऊन उतरलं, चला घरी!"

दोन कारकुनांनी दारातून डोकी बाहेर काढली. शिपाई धावत आला. लेक खांबाला टेकून हसत होती की रडत होती, तिचं तिलाही कळलं नाही. सूर, ठसका, शेवटचा हेल, सगळं जसंच्या तसं आईचं होतं.

मास्तर कान देऊन ऐकत राहिले. मग त्यांनी हात पुढं केला, बाबांचा दंड शोधला आणि म्हणाले, "पुन्हा एकदा म्हणा."